कुंडीतील वाटाणा

बडोद्याच्या फतेगंजमध्ये आज महाराजा सयाजीराव विद्यापीठाचे नाव सर्वतोमुखी आहे. त्या विद्यापीठाच्या तंत्रशाखेचे मूळ १८९० साली सयाजीरावांनी स्थापिलेल्या कलाभवनात सापडते. तेथेच त्र्यंबकेश्वरच्या धुंडिराज गोविंद फाळके यांनी तरुणपणी छायाचित्रणाची विद्या हस्तगत केली. तिची कसोटी लागली ती १९१२ साली.

फाळके विलायतेस जाऊन आले होते. विल्यमसन कॅमेराही हाती आला होता. उणीव होती ती भांडवलाची, आणि प्रत्यक्ष पाहिल्यावाचून सावकार थैली थोडीच सैल करतो! तेव्हा फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, त्यावर कॅमेरा रोखला आणि ठराविक अंतराने एकेक चित्र घेण्यास आरंभ केला. हे काम सुमारे महिनाभर चालले. सेकंदास १६ चित्रे धरली, तरी पडद्यावरील एका मिनिटास ९६० चित्रे लागतात. मध्येच कॅमेरा हलला, किंवा तो इवलासा जीव सुकला, की सारे श्रम मातीमोल! परंतु कोंब जगला. माती दुभंगून वर आला, वेल होऊन वाढला; आणि महिन्याची ही वाढ पडद्यावर पाहता पाहता उरकली. ‘अंकुराची वाढ’ पाहून धनको पुढे आला. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला.

पुढे १९१५ साली फाळक्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ काढली. त्यातील काड्या प्रत्येक चित्रासाठी हाताने सरकवाव्या लागत. वाटाणा मात्र आपला आपणच हालला होता.