देवाच्या नावाची राने

सह्याद्रीच्या पूर्व उतारावरील मुळशी, वेल्हे, भोर, आंबेगाव या डोंगरी मुलखातून जो हिंडेल, त्याला उघड्या, गवताळ टेकड्यांच्या कुशीत मध्येच एखादे असे दाट रान भेटते, की जेथे भर दुपारीही ऊन भुईपर्यंत पोचत नाही. ही देवराई. हिरडा, जांभूळ, अंजनी आणि झाडावरून झाडावर गेलेली गारंबीची महावेल यांच्या गर्द सावलीत शिरकाई, वाघजाई, काळूबाई किंवा भैरवनाथ शेंदूर माखलेल्या तांदळ्याच्या रूपाने विराजमान असतो; आणि देवीला छप्पर मानवत नाही अशी कित्येक गावांची श्रद्धा असल्यामुळे भोवतालचे वृक्ष हेच तिचे राऊळ ठरते.

या रानाचे नियम कोठल्याही दप्तरात लिहिलेले नाहीत. तरी ते लहान पोरालाही ठाऊक असतात. येथे कुऱ्हाड चालवायची नाही, वाहाणा घालून शिरायचे नाही, आणि कडक शिस्तीच्या गावांत तर गळून पडलेली वाळकी काटकीसुद्धा चुलीसाठी उचलायची नाही. देवळाच्या तुळईकरिता किंवा गावावर ओढवलेल्या एखाद्या आपत्तीत लाकूड लागलेच, तर देवाला कौल लावावा आणि त्याने उजवा दिल्यावरच गावकीने एकमताने हात घालावा, अशी वहिवाट. भय देवाचे खरे. परंतु त्या भयाआडून गाव स्वतःच्याच लोभाला आवर घालीत असे.

या प्रथेचे मूळ पुष्कळ मागे जाते. डोंगरउतारावरील झाडी तोडून, जाळून, त्या राखेत नाचणी-वरी पेरणाऱ्या आणि दोन-चार पिकांनंतर नवा उतार धरणाऱ्या लोकांनी काही राने मात्र कधीच तोडावयाची नाहीत असे ठरविले, यात श्रद्धेइतकेच शहाणपणही होते. कारण अशा रानांतून झरे उगम पावत, आणि तेथेच बी टिकून राहत असे. पुण्याभोवतीचे डोंगर पायी तुडवून दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी याच मुलखातील मातृदेवतांच्या ठाण्यांचा मागोवा घेतला आणि 1962 साली प्रसिद्ध झालेल्या 'मिथ अँड रिअॅलिटी' या ग्रंथात ही दैवते ग्रामवसाहतींहूनही जुन्या लोकजीवनाची साक्ष देतात, असे प्रतिपादन केले. अकोले-जुन्नर भागातील महादेव कोळी आश्विन वद्य द्वादशीला वाघबारस पाळतात. त्या दिवशी गुराखी वाघोबाच्या ठाण्यापाशी जमतात, खिरीचा नैवेद्य दाखवितात आणि गुरांचे रक्षण कर म्हणून त्या श्वापदालाच साकडे घालतात. ज्याच्यापासून भय, त्यालाच राखणदार मानण्याची ही वृत्ती आणि रान राखण्याची वृत्ती एकाच मुळाच्या आहेत.

राज्यसत्तेलाही झाडांचे मोल कळत होते. अठराव्या शतकाच्या आरंभी रामचंद्रपंत अमात्यांनी सिद्ध केलेल्या आज्ञापत्रात आरमाराकरिता लाकूड हुजुरच्या परवानगीने तोडावे, परंतु रयतेने वर्षानुवर्षे जोपासलेल्या आंबा-फणसांना तिच्या राजीखुशीवाचून हात लावू नये, अशी ताकीद आहे. इंग्रजी अंमलात मात्र हा विवेक लोपला. जहाजे, लोहमार्ग आणि शहरांना लागणारा कोळसा यांनी डोंगर उघडे पडत गेले. 1878 च्या वनकायद्याने राखीव व संरक्षित अशा वर्गांत जंगले बांधली आणि पिढ्यान्‌पिढ्यांच्या वहिवाटीला हक्काऐवजी सवलतीचे स्वरूप दिले. जे रान सरकारजमा झाले त्याविषयी गावाची माया आटली, यात नवल नाही; ज्या देवरायांवर देवाची आणि गावकीची सत्ता मनोमन टिकून राहिली, त्याच मोठ्या प्रमाणावर वाचल्या.

माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक यांनी 1970 च्या दशकात या रानांचा शास्त्रीय अभ्यास केला, तेव्हा इतरत्र दुर्मीळ झालेल्या वनस्पती येथे त्यांच्या दृष्टीस पडल्या. श्रीवर्धन तालुक्यातील गाणी या गावाची कथा तर संस्मरणीय आहे. धूपवृक्षांमुळे 'धुपाची राहाट' म्हणून ओळखली जाणारी तेथील राई तोडीसाठी नेमली गेली, तेव्हा गावातील बारमाही ओढा याच राईतून उगम पावतो, हे ध्यानी घेऊन गावकऱ्यांनी या अभ्यासकांना साद घातली, आणि राई वाचली. देवाचे रान आणि गावाचे पाणी ही एकच गोष्ट आहे, हे त्यांना कोणी शिकवावे लागले नव्हते.

आजचे संकट निराळ्या वाटेने येते. पूर्वी उघड्यावर सुखाने नांदणाऱ्या देवीसाठी शहरातले पैसेवाले भक्त सिमेंटचे मंदिर बांधू पाहतात, आणि त्याच्या खर्चासाठी किंवा आवारासाठी तिचेच वृक्ष पडतात. केवळ कुंपण घालून हे थांबणार नाही, आणि केवळ श्रद्धेच्या गौरवानेही नाही. देवराई टिकली ती नियम करणारा, तो पाळणारा आणि त्याचे फळ भोगणारा गाव एकच होता म्हणून. 2006 च्या वनहक्क कायद्याने सामूहिक वनसंपत्तीचे रक्षण व व्यवस्थापन करण्याचा ग्रामसभेचा अधिकार मान्य केला आहे. तो अधिकार डोंगरातल्या प्रत्येक पात्र गावाच्या हाती खरोखर पडावा, आणि गावानेही कौल लावताना आपल्या पूर्वजांनी बाळगलेला संयम पुन्हा अंगी बाणवावा. देवराईची खरी पूजा ती हीच.