बेसीबाईंची सोळा मिनिटं

थिएटरात सिनेमाआधी आता जाहिराती लागतात. शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत त्या जागी गाणं लागायचं.

तोवर सिनेमा मुका होता. वादक पडद्यापुढे बसून वाजवत. ६ ऑगस्ट १९२६ ला न्यूयॉर्कमध्ये वॉर्नर कंपनीने मोठ्या चित्रपटाआधी गाण्या-वाजवण्याच्या छोट्या फिल्मा दाखवल्या. आवाज वेगळ्या तबकडीवर असे. फिल्म तुटली तर तेवढ्याच लांबीचा काळा तुकडा जोडायचा, नाहीतर ओठ एकीकडे, गाणं दुसरीकडे! पुढे आवाज फिल्मवरच उमटू लागला. थिएटरांतल्या कितीतरी वादकांची रोजी मात्र गेली.

अशीच एक फिल्म १९२९ ची, ‘सेंट लुईस ब्लूज’. ब्लूज म्हणजे अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं सुखदुःखाचं गाणं. त्यात गायल्या बेसी स्मिथ. लहानपणीच आईबाप गेले, तेव्हा चॅटनूगा गावच्या रस्त्यावर भाऊ गिटार वाजवी आणि ही पोर गाई. १९२३ पासून त्यांच्या तबकड्या निघू लागल्या आणि धडाक्यात खपल्या.

फिल्मची गोष्ट आपल्याला परकी वाटणार नाही. खोलीचं भाडं बाई भरते. तिचा प्रियकर जुगारी, त्याच खोलीत दुसरीला आणतो. बाई जाब विचारते, तर तिला जमिनीवर ढकलून निघून जातो. ती तिथेच पडल्या पडल्या गायला लागते. मग दारूच्या गुत्त्यात उभी राहून गाते, आणि भोवतीची सगळी माणसं सूर धरतात. आपल्याकडे जात्यावर एकीनं ओवी म्हटली की दुसरी उचलते ना, मला तेच आठवतं. शेवटी तो परत येतो, गोड बोलून नाचतो, तिच्या मोज्यात ठेवलेले पैसे काढून घेतो आणि हसत जातो. ती पुन्हा गाते.

काळ्या माणसांना जुगारी आणि दारुडे दाखवायची तेव्हा खोडच होती, ती इथेही आहे. मला ते खटकतं. पण बेसीबाई गाऊ लागल्या की नजर हटत नाही.

१९३७ मध्ये मोटारीच्या अपघातात त्या गेल्या. कबरीवर दगडसुद्धा नव्हता. तो १९७० मध्ये बसला. खर्च दोघींनी केला: गायिका जॅनिस जॉप्लिन आणि लहानपणी बेसीबाईंकडे घरकाम केलेल्या जुआनिता ग्रीन.

बेसीबाईंच्या तबकड्या पुष्कळ आहेत. गाताना त्या दिसतात, ते फक्त या सोळा मिनिटांत.