द डार्क साइड ऑफ द मून : हाय-रिझोल्यूशन आवृत्त्या

'द डार्क साइड ऑफ द मून' हा पिंक फ्लॉइड या ब्रिटिश रॉक बँडचा १९७३ साली प्रकाशित झालेला आल्बम आहे. त्याचे ध्वनिमुद्रण लंडनच्या ॲबी रोड स्टुडिओत १६ ट्रॅकच्या चुंबकीय फितीवर झाले. ॲलन पार्सन्स हे अभियंता होते. हृदयाचे ठोके, घड्याळांचे गजर, 'मनी'च्या आरंभीचा नाण्यांचा खणखणाट अशा ध्वनींमुळे नवी उपकरणे पारखण्यासाठी हा आल्बम आवर्जून लावला जातो.

२००३ मध्ये तो सुपर ऑडिओ सीडीवर आला. त्यासाठी जेम्स गथ्री यांनी ५.१ वाहिन्यांचे नवे मिश्रण केले. २०११ च्या 'इमर्शन' संचातील ब्लू-रे तबकडीवर ते २४ बिट, ९६ किलोहर्ट्झ स्वरूपात आहे. सभोवार पसरणारा हा ध्वनी मूळ स्टिरिओपेक्षा उघडच निराळा अनुभव देतो.

स्टिरिओच्या बाबतीत मात्र मोठ्या आकड्यांवरून ध्वनीची सरसता ठरत नाही. सीडीचे १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ हे प्रमाण मानवी श्रवणाच्या सुमारे २० किलोहर्ट्झच्या मर्यादेपर्यंत पुरते; शिवाय जुन्या फितीची स्वतःची खरखर सीडीच्या पार्श्वगोंगाटाहून अधिक असते. ऐकू येणारा फरक बहुधा मास्टरिंगचा असतो. २००३ च्या तबकडीवरील सीडीचा थर सुपर ऑडिओ थरापेक्षा अधिक 'कॉम्प्रेस' केलेला आहे, म्हणजे त्यातील हळू व मोठ्या आवाजांतले अंतर कमी आहे. त्यामुळे हे दोन थर आलटूनपालटून ऐकल्यास स्वरूपांची तुलना होत नाही. त्यासाठी एकच २४ बिट फाइल १६ बिटांत उतरवून, दोन्हींची पातळी समान ठेवून, कोणती वाजत आहे हे श्रोत्याला न कळवता ऐकवावी लागते.