दायित्वमुक्तिपत्र (मनोरंजनपर उपक्रमांतील)

मनोरंजनपर उपक्रमात संयोजकाच्या निष्काळजीपणामुळे इजा झाल्यास भरपाई मागण्याचा हक्क आगाऊ सोडून देणारा लेखी करार.

उगम : स्वेच्छेने पत्करलेल्या धोक्याबद्दल दाद मागता येत नाही, हे विधितत्त्व (⟶ अपकृत्य) व संविदास्वातंत्र्य (⟶ संविदा) हे त्याचे आधार होत. अशी कलमे लोकहिताला बाधक केव्हा ठरतात, याच्या सहा कसोट्या कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये एका रुग्णालयाच्या खटल्यात घालून दिल्या.

वैशिष्ट्ये : अमेरिकेत अंमलबजावणी राज्यागणिक बदलते. बहुतेक राज्ये निःसंदिग्ध भाषेतील मुक्तिपत्र साधारण निष्काळजीपणापुरते ग्राह्य मानतात. घोर निष्काळजीपणाला ते लागू नाही, असे कॅलिफोर्नियात २००७ मध्ये ठरले. व्हर्माँटने १९९५ मध्ये स्कीइंगच्या, तर कनेक्टिकटने २००५ मध्ये बर्फावरील घसरखेळाच्या प्रकरणात ते अग्राह्य ठरवले. पालकांनी अज्ञान मुलाच्या वतीने केलेली हक्कमुक्ती कोलोरॅडोच्या न्यायालयाने २००२ मध्ये नाकारली. मात्र त्याच राज्याच्या २००३ च्या कायद्याने तिला मान्यता दिली. ब्रिटनमध्ये व्यावसायिकाला निष्काळजीपणामुळे झालेल्या मृत्यूचे वा शारीरिक इजेचे दायित्व १९७७ च्या कायद्यापासून टाळता येत नाही. भारतात लोकनीतीविरोधी करार संविदा अधिनियम, १८७२ च्या कलम २३ नुसार शून्य असतात.

महत्त्व : संविदास्वातंत्र्य व सुरक्षिततेची जबाबदारी यांच्या सीमा या पत्राच्या ग्राह्यतेवरून ठरतात (⟶ विमा).