न दिसणारे भटके

'व्हायरिओप्लँक्टन' हा शब्द जड वाटतो, पण फोड सोपी आहे. 'व्हायरस' म्हणजे लॅटिनमध्ये विष. 'प्लँक्टन' हे नाव व्हिक्टर हेन्सेनने १८८७ मध्ये दिलं. मूळ ग्रीक अर्थ 'भटकणारा'. एकूण काय, पाण्याबरोबर वाहणारे सगळे विषाणू. कुठल्या एका जातीचं हे नाव नव्हे.

गंमत म्हणजे, समुद्रात विषाणू फारसे नसतात असाच बरीच वर्षं समज होता. प्रयोगशाळेत वाढवलेल्या जिवाणूंना जे मारतील, तेवढेच मोजले जायचे ना! १९८९ मध्ये नॉर्वेतल्या बर्गेनच्या संशोधकांनी इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपखाली थेट मोजणी केली, आणि आकडे कोटींत गेले.

यातले बहुतेक जिवाणूंना फोडतात, त्यातून सुटलेलं अन्न इतर जिवाणू वापरतात. नावात विष, पण समुद्राचा संसार चालतो तो यांच्याही जिवावर!