नंदुरबारच्या वाटेवरील स्त्रिया

दिल्लीचा सुलतान महंमद तुघलक याने चीनच्या बादशहाकडे पाठविलेला वकील म्हणून इ. स. १३४२ साली दिल्लीहून निघालेला मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता दौलताबादेहून खंबायतेच्या बंदराकडे जात असता नंदुरबारास उतरला, आणि आपल्या प्रवासवर्णनात या लहानशा कसब्यासाठी त्याने जी काही वाक्ये खर्ची घातली ती वाचताना खानदेशच्या माणसाला आपल्याच माजघरात कोणी परका पाहुणा डोकावून गेल्यासारखे वाटते. येथे मराठे राहतात, ते कलाकौशल्यात निपुण आहेत, त्यांच्यात वैद्य आणि ज्योतिषी आहेत. भात, भाज्या आणि तिळाचे तेल हा त्यांचा आहार, जिवास पीडा देणे त्यांस रुचत नाही, जेवणापूर्वी ते स्नान करतात, आणि सात पिढ्यांचे अंतर असल्याखेरीज आप्तांत सोयरीक करीत नाहीत, असे त्याने नमूद केले आहे.

तो भात कोणी रांधला, हे मात्र त्याने लिहिले नाही. त्याला दोष देण्याचे कारण नाही, कारण पाहुण्याला ताट दिसते, चूल दिसत नाही; परंतु मध्ययुगातील नंदुरबारच्या स्त्रीचा शोध घेऊ पाहणाऱ्याला पहिला माग सापडतो तो या ताटापाशीच. तापीच्या काळ्या जमिनीत पिकलेला तीळ घाण्यावर जाण्यापूर्वी झोडून, पाखडून, निवडून द्यावा लागे. भात उखळात सडावा लागे. ज्वारी-बाजरी जात्यावर दळावी लागे, आणि ते दळण उजाडण्यापूर्वीच उरकावे लागे, कारण उजाडल्यावर पाणी, शेण आणि शेत यांचा धोशा सुरू होई. एका हाताने खुंटा फिरवायचा, दुसऱ्याने मूठभर वैरण जात्याच्या तोंडात घालायची, आणि फेऱ्याची लय न मोडता मांडीवरचे मूलही सांभाळायचे, हा व्यायाम आमच्या आज्या-पणज्यांपर्यंत अखंड चालत आला. इब्न बतूताने ज्यांना कलाकौशल्यात निपुण म्हटले त्यांच्यात या निपुणतेची गणना त्याने केली असेल असे वाटत नाही.

सात पिढ्यांची ती नोंद मात्र वरवर दिसते त्याहून पुष्कळ बोलकी आहे. सगोत्र आणि सपिंड विवाहाचा निषेध हा धर्मशास्त्राचा विषय खरा, पण त्याचा व्यवहारातील अर्थ असा की मुलीची सोयरीक जवळच्या गणगोताबाहेर व्हावयाची, आणि दहा-बारा वर्षांच्या पोरीने, जिथे तिचे नाव घेऊन हाक मारणारे कोणी नाही अशा घरात जाऊन पडावयाचे. माहेर हा शब्द मराठीत इतका हळवा का झाला याचे एक कारण या नियमात असावे, असे मला नेहमी वाटत आले आहे.

शास्त्राने तिला काहीच दिले नाही असेही नाही. कल्याणीच्या चालुक्यांच्या आश्रयास असलेल्या विज्ञानेश्वराने इ. स. ११०० च्या सुमारास रचलेल्या मिताक्षरेत स्त्रीधनाची व्याख्या इतकी व्यापक केली की वारसा, खरेदी, वाटणी अशा कोणत्याही मार्गाने स्त्रीकडे आलेले द्रव्य तीत बसावे. आणि विभक्त व अपुत्र मृत झालेल्या पतीच्या मिळकतीवर विधवेचा पहिला हक्कही त्याने मान्य केला. पुढे देवगिरीच्या यादवांचा मंत्री हेमाद्री याने चतुर्वर्गचिंतामणीच्या व्रतखंडात शेकडो व्रतांचा जो भारा बांधला त्याने मात्र तिच्या वर्षातील कितीतरी तिथी उपवास, उद्यापन आणि वाण यांनी भरून टाकल्या. हक्काचा ग्रंथ पंडितांच्या कपाटात राहिला आणि व्रतांचा ग्रंथ स्वयंपाकघरात पोहोचला. तरीही प्रसंगी स्त्री राज्य सांभाळू शके याचा पुरावा खानदेशातच आहे. चाळीसगावजवळील पाटण येथे निकुंभ घराण्याचा इ. स. ११५३ चा शिलालेख आहे. इंद्रराजाच्या मृत्यूनंतर, पुत्र गोवन अज्ञान असता, राणी श्रीदेवीने कारभार पाहिला, ही गोष्ट त्यात कोरलेली आहे. ती पुत्राच्या नावाने राज्य करीत होती हे खरे. पण दगडावर तिचे नाव आले.

नंदुरबारचे नशीब पाटणाहून निराळे. नंद नावाच्या गवळी राजाने हे गाव वसविले अशी दंतकथा आहे; पण इतिहासात ते दिसू लागते तेव्हापासून सरहद्दीचे ठाणे म्हणूनच दिसते. एका बाजूस गुजरात, दुसरीकडे खानदेश, उत्तरेस सातपुड्याच्या पलीकडे माळवा, दक्षिणेस बागलाण. नंदुरबार आणि त्याच्या शेजारचे, आज शहादे तालुक्यात एक साधे खेडे होऊन राहिलेले सुलतानपूर, ही जोडी ज्याच्या हाती त्याच्या हाती दक्षिणेचे एक दार. अशा दारातून सैन्ये जातात तशा मुलीही जातात, आणि राजघराण्यातील स्त्री या परगण्याच्या इतिहासात प्रवेश करते ती या दुसऱ्या प्रकारे.

गुजरातचा शेवटचा वाघेला राजा कर्ण अलाउद्दीन खलजीच्या फौजांपुढे राज्य गमावून बागलाणात आश्रयास आला. त्याची राणी कमलादेवी पकडली जाऊन दिल्लीच्या जनानखान्यात पोहोचली होती, आणि लहानगी देवलदेवी बापाजवळ राहिली होती. फारसी इतिहासकार फिरिश्त्याने दिलेली हकीकत अशी की कमलादेवीने मुलीसाठी सुलतानापाशी हट्ट धरला, आणि १३०६-०७ च्या सुमारास दक्षिणेच्या स्वारीवर निघालेल्या मलिक काफूरने सुलतानपुरास तळ देऊन तेथून कर्णाला मुलगी हवाली करण्याचा निरोप धाडला. इकडे देवगिरीच्या रामदेवाचा पुत्र शंकरदेव तिला मागणी घालीत होता; यादव कुळाने आपल्यापेक्षा हलके म्हणून ज्या बापाने ती मागणी आजवर फेटाळली होती, त्याने आता निरुपायाने तीच मान्य करून मुलीला देवगिरीकडे रवाना केले, आणि वाटेत वेरूळच्या लेण्यांजवळ ती खलजी सैनिकांच्या हाती सापडली. पुढे तिचा विवाह शाहजादा खिज्रखानाशी झाला आणि अमीर खुसरोने त्यावर आख्यानकाव्य रचले. काही इतिहासकार ही सारी कथा कवीची आणि नंतरच्या बखरकारांची रचना मानतात, आणि त्यांचे आक्षेप हलके नाहीत. पण कथा खरी धरा वा खोटी, तीत एका गोष्टीकडे लक्ष गेल्यावाचून राहत नाही: आईने मागितली, बापाने नाकारली, राजपुत्राने मागणी घातली, सेनापतीने पळविली, कवीने गायिली, मुलीने काय म्हटले ते मात्र सुलतानपूरच्या तळावर कोणी विचारले नाही. त्याच काळात रामदेवाची स्वतःची एक कन्याही अलाउद्दीनच्या जनानखान्यात गेली होती.

खानदेशच्या फारुकी राजवटीत हाच व्यवहार अधिक सभ्य रूपाने चालला. फिरोज तुघलकाकडून इ. स. १३७० मध्ये थाळनेरची जहागीर मिळविलेल्या मलिक राजाने माळव्याच्या घोरी घराण्याशी मुलींची देवघेव करून पाठ भक्कम केली आणि सुलतानपूर-नंदुरबारवर झडप घातली, पण गुजरातच्या मुजफ्फरशहाने त्याला थाळनेरपर्यंत मागे रेटले. त्याचा पुत्र नासीरखान, ज्याने बुऱ्हाणपूर वसविले, त्याने आपली कन्या झैनब बहमनी शाहजादा अलाउद्दीन अहमद यास दिली. अलाउद्दीन तख्तावर आल्यावर कोकणच्या मोहिमेत संगमेश्वरच्या राजाची कन्या त्याच्याकडे आली, आणि तिच्या रूपावरून तिला फारसी नाव देऊन त्याने तिलाच जवळ केले. झैनबने बापाला पत्र लिहिले. त्या पत्राचा मजकूर आपणापुढे नाही, पण त्याचा परिणाम आहे: नासीरखान १४३७ साली वऱ्हाडात घुसला, रोहिणखेडला बहमनी सेनापती मलिक-उत्-तुज्जार खलफ हसनकडून पराभूत झाला, बुऱ्हाणपूर लुटले गेले, आणि लळिंगच्या किल्ल्यात कोंडला गेलेला नासीरखान त्याच वर्षी मरण पावला. एका सवतीच्या दुःखापायी युद्ध पेटले, असे इतिहासकार मिश्किलपणे लिहितात. मला त्यात मिश्किली दिसत नाही. मुलगी दिली होती ती तहाची मोहोर म्हणून. मोहोर खरवडली गेली म्हणजे तह मोडला, हे बाप आणि जावई दोघेही समजत होते. संगमेश्वरच्या मुलीकडून तर पत्र जाण्याइतकेही माहेर शिल्लक उरले नव्हते. आणि ज्या भूमीसाठी हे चालले ती भूमीही मुलीसारखीच हातोहात दिली जाई: सोळाव्या शतकात गुजरातच्या तिसऱ्या महमूदाने पूर्वी दिलेल्या शब्दाखातर सुलतानपूर-नंदुरबार फारुकी मुबारकशहास देऊन टाकले, आणि अकबराच्या दफ्तरात नंदुरबार माळवा सुभ्यातील एक सरकार म्हणून दाखल झाले.

मोगल अमदानीत सुरत-बुऱ्हाणपूरचा हमरस्ता नवापूर-नंदुरबारवरून वाहू लागला आणि प्रवाशांची वर्णने वाढली. १६१० मध्ये येथून गेलेल्या विल्यम फिंचने गावाबाहेरची थडगी, विलासगृहे, किल्ला आणि सुंदर तलाव पाहिला. विलासगृहांत कोण राहत होते ते त्याने लिहिले नाही. गाणाऱ्या-नाचणाऱ्या स्त्रियांविषयी उलट इब्न बतूताने दौलताबादच्या वर्णनात पुष्कळ लिहून ठेवले आहे: त्यांची स्वतंत्र पेठ, दुकाने, मध्यभागी घुमट आणि गुरुवारी दुपारनंतर तेथे बसून गाणे ऐकणारा त्यांचा अमीर. कलावंतिणीच्या वर्गाला निदान पेठ होती, प्रमुख होता आणि श्रोता होता. कुलीन घरातील स्त्रीला यांपैकी काही नव्हते, आणि तिची प्रतिष्ठा याच अभावाने मोजली जाई.

सतराव्या शतकाच्या मध्यास फ्रेंच जवाहिऱ्या ताव्हेर्निये नवापुरास थांबला. गाव विणकरांनी भरलेले असले तरी येथला मोठा व्यापार तांदळाचा, असे तो सांगतो. हा दाणा नेहमीच्या तांदळाच्या निम्मा, शिजला की बर्फाहून शुभ्र, वासाला कस्तुरीसारखा, आणि इराणात कोणाला नजराणा द्यावयाचा तर या तांदळाची गोणी न्यावी. ज्यांनी बारीक तांदूळ हाताने सडला आहे त्यांना या स्तुतीतील मेहनत ताबडतोब कळेल. दाणा जितका लहान तितका मुसळाचा घाव हलका पडला पाहिजे, नाहीतर अर्धी रास कणी होते. पहिल्या सडीला तूस निघते, सुपात घोळून पाखडून पुन्हा उखळात, दुसऱ्या सडीला कोंडा, आणि शुभ्रता हवी तर तिसरी सड. इस्फहानच्या अमिराच्या दस्तरखानावरची ती शुभ्रता नवापूरच्या अंगणात घामाने मिळविलेली होती, आणि घरात उरत असे ती कणी.

हाच रस्ता त्यापूर्वी १६३० मध्ये पीटर मंडी या इंग्रजाने दुष्काळात पाहिला. सुरतेहून नंदुरबारच्या बाजूला येताना त्याला वाटेवर प्रेते आढळली, आणि जीव तरी वाचावा म्हणून पोटची पोरे कवडीमोलाने विकणारी, कोणी नेईल त्याला फुकटही देणारी माणसे भेटली. ज्या वाटेने तांदूळ परदेशी जाई त्याच वाटेवर आई मूल देऊन टाकत होती. याहून अधिक लिहिणे मला जमणार नाही.

मराठी अमदानी आली, १७५२ च्या भालकीच्या तहाने खानदेशाचा बराच मुलूख पेशव्यांकडे आला, आणि स्त्री प्रथमच मोठ्या प्रमाणावर दफ्तरात उतरली. पण कोणत्या सदरांखाली? मराठी अमलातील करांच्या यादीत लग्नटका होता, आणि विधवेने पाट लावला तर पाटदाम होता. ब्राह्मणादी जातींत जो पुनर्विवाह पाप होता, तोच इतर जातींत रीतसर मोहतूर होता आणि सरकारला उत्पन्नाची बाब होती. धर्माची आणि जमाबंदीची नजर एकाच विधवेकडे किती वेगळ्या रीतीने पाही याचा याहून स्वच्छ दाखला मिळणे कठीण. त्याखेरीज कुणबिणी आणि बटकी होत्या. दुष्काळात विकल्या गेलेल्या, स्वारीत पकडून आणलेल्या, कधी व्यभिचाराच्या आरोपावरून सरकारजमा झालेल्या या स्त्रिया कोठी, पागा, मुदपाकखाना येथे राबत, आणि त्यांची खरेदी-विक्री, किंमत आणि वय कारकून चोख लिहून ठेवी. मध्ययुगातील सामान्य स्त्रीचे वय कागदावर हमखास सापडते ते असे, ती विकली गेली असेल तेव्हा.

सातपुड्याच्या कुशीत, अक्राणी-अक्कलकुव्याच्या बाजूला, ही दफ्तरे पोहोचलीच नाहीत, आणि तेथील भिल्ल, पावरा, मावची, कोकणी स्त्रियांविषयी जे कळते ते चालत आलेल्या रूढीवरूनच ताडावे लागते. तेथे लग्नात द्रव्य जाते ते वराकडून वधूच्या बापाकडे. त्याला देज म्हणतात. मैदानातील शहाणे याला मुलगी विकणे म्हणत आले, पण हुंडा घेणाऱ्याच्या तोंडी हा आक्षेप शोभत नाही. एक कामकरी माणूस घरातून जाते याची भरपाई असा त्या रकमेचा अर्थ आहे, आणि तीत निदान एवढे कबूल केलेले असते की तिच्या श्रमाला मोल आहे. विधवेने पुन्हा घर करणे, न पटल्यास नवरा सोडणे हेही तेथे नवल नव्हते. अर्थात नवरा सोडला तर देज परत करण्याचा तगादा येई, आणि गावावर रोग आला तर डाकीण ठरविली जाई तीही बहुधा एखादी एकटी बाईच; डोंगरातील स्त्री सुखी होती अशी रम्य कल्पना करून घेण्याचे कारण नाही.

देवतांच्या बाबतीत डोंगर आणि मैदान एकमेकांच्या जवळ येतात. मैदानात श्रावणात कानबाई बसते, तिच्या रोटांसाठी अनेक घरांत कुटुंबातील एकेका पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ धान्य मोजून घेतात, आणि दळणारी, रोट करणारी बाई त्या मोजणीत नसते. देवी स्त्री, राबणारी स्त्री, आणि गणती मात्र पुरुषांची, हा चमत्कार खानदेशात कोणाला खटकल्याचे मी ऐकले नाही. डोंगरातील मोठी देवता याहामोगी; याहा म्हणजे आई. अक्कलकुवा तालुक्यातील दाब हे तिचे मूळ ठिकाण मानतात, आणि घोर दुष्काळात आपल्या कोठारातले धान्य वाटून तिने माणसे व गुरे जगविली अशी लोकांची श्रद्धा आहे. महाशिवरात्रीच्या सुमारास सरहद्दीपलीकडे सागबाऱ्याजवळ देवमोगऱ्याला तिची यात्रा भरते. तळोदे, धडगाव, अक्कलकुवा, नवापूर या बाजूंनी कुटुंबेच्या कुटुंबे डोंगर उतरून निघतात, आणि बांबूच्या नव्या टोपलीत देवीसाठी नव्या हंगामाचे धान्य, नारळ आणि मोहाची दारू ठेवलेली असते. देवळापाशी रांग लांबच लांब असते. उन्हात टोपली डोक्यावरून खाली न ठेवता बायका तासन् तास उभ्या राहतात, आणि त्या टोपलीतले धान्य पेरणीपासून पाखडण्यापर्यंत बहुधा त्यांच्याच हातचे असते.