शाळेचा पहिला दरवाजा

मुलींचे शिक्षण आपल्या घरात बाहेरून आले, असे पुष्कळांना वाटते. इतिहासाची साक्ष निराळी आहे.

बेगम रुकैया १८८० साली बंगालमधील रंगपूर जिल्ह्यात जन्मल्या. मुलींनी बंगाली किंवा इंग्रजी शिकणे त्यांच्या घरात निषिद्ध होते. तरी थोरली बहीण करीमुन्निसा हिने बंगालीची गोडी लावली, तर भाऊ इब्राहिम यांनी रात्री घर निजल्यावर इंग्रजी शिकवले. पती सखावत हुसेन यांनी लेखनास उत्तेजन दिले व मुलींच्या शाळेसाठी दहा हजार रुपये ठेवले. १९०९ साली ते वारले. त्याच वर्षी रुकैयांनी भागलपूरला शाळा काढली. १९११ मध्ये ती कलकत्त्यास पुन्हा सुरू केली, तेव्हा मुली होत्या अवघ्या आठ! घरोघर जाऊन त्यांनी पालकांची समजूत घातली, मुलींसाठी पडद्याची गाडी ठेवली. १९१६ साली त्यांनी मुस्लिम स्त्रियांची अंजुमन स्थापन केली. १९३२ साली त्या निवर्तल्या. शाळा आजही चालू आहे.

वाचकहो, रुकैयांच्या पाठीशी समाजाआधी बहीण, भाऊ आणि पती उभे राहिले. आपल्या मुलीची शाळा सुटू पाहील, त्या दिवशी तिच्या बाजूने बोलणारे पहिले माणूस घरातच असावे.